तुमचे प्रश्न : चार्ली पार्करच्या तीन-तीन मिनिटांच्या रेकॉर्ड्स

गेल्या अंकात चार्ली पार्करच्या (अमेरिकन अल्टो सॅक्सोफोन वादक, १९४०च्या दशकात आलेल्या बॉप नावाच्या नव्या जॅझच्या जनकांपैकी एक) सुरुवातीच्या छोट्या ग्रुपमधल्या रेकॉर्डिंग्जबद्दल थोडंसं लिहिलं होतं, म्हणजे १९४४ ते १९४८ मध्ये सॅव्हॉय आणि डायल या दोन लेबलांसाठी केलेलं काम. त्यावर एवढे प्रश्न आले की हा सगळा कॉलम त्यालाच द्यावा लागतोय. सारखे सारखे प्रश्न एकत्र केलेत. काही उत्तरं लांबलीत, पण विषयच तसा आहे.

प्रश्न : सॅव्हॉय आणि डायलच्या सगळ्या स्टुडिओ रेकॉर्डिंग्जचा आठ सीडींचा सेट ऐकायला घेतला. एकच ट्यून चार-चार पाच-पाच वेळा येते, मधेच तुटते, परत सुरू होते. दुसऱ्या सीडीपर्यंत डोकं भणाणलं. मी चुकीचं ऐकतोय का?

उत्तर : तुम्ही चुकीचं नाही ऐकत आहात, फक्त तो सेट सलग ऐकायचा नसतो एवढंच. २००० साली आलेला तो सेट म्हणजे एक प्रकारे स्टुडिओचं दप्तर आहे, जे जे टेप... सॉरी, तेव्हा टेप नव्हती, जे जे डिस्कवर कापलं गेलं आणि वाचलं ते सगळं तारखेप्रमाणे त्यात आहे. अभ्यासाला त्याच्यासारखी गोष्ट नाही, पण पहिल्यांदा ऐकणाऱ्याला तो थकवणारच. ही म्युझिक विकायला आली तेव्हा दहा इंची ७८ आरपीएमच्या रेकॉर्डवर एका बाजूला एक ट्यून असायची, साधारण तीन मिनिटं, लोक ती ऐकायचे, सुई उचलून परत तीच लावायचे, मग रेकॉर्ड उलटी करून दुसरी बाजू, आणि त्या एका रेकॉर्डवर आठवडेच्या आठवडे काढायचे. तुम्ही पण तसंच करा. एक सेशन, म्हणजे स्टुडिओतली एक बैठक, त्यात साधारण चार ट्यून्स, आणि एका ट्यूनचं प्रत्येक वेळचं रेकॉर्डिंग म्हणजे एक टेक. त्यातले फक्त मास्टर टेक घ्या, म्हणजे तेव्हा मुख्य म्हणून निवडलेले, आणि तेवढेच चार घेऊन बसा. ते तोंडपाठ झाले की मगच त्याच ट्यूनचे बाकीचे टेक लावा.

आणि बाकीचे टेक लावाच, ते भरती म्हणून ठेवलेले नाहीत. 'बिलीज बाउन्स'चे पाच टेक आहेत, सुरुवातीची चाल तीच, पण सोलो दरवेळी नवीन, आणि कधीकधी दोन टेकमध्ये एखादाच तुकडा सारखा सापडतो आणि तोही वेगळ्या जागी बसवलेला. मास्टर निवडताना पार्करचा सोलो सगळ्यात चांगला कधी झाला एवढंच बघत नसत, सगळा ग्रुप कुठे अडखळला नाही, शेवट नीट एकत्र झाला का, सॅक्सची रीड (तोंडात धरायची वेताची पट्टी) चिरकली का, हे सगळं बघावं लागायचं. त्यामुळे त्याचं अतिशय सुंदर वादन कधीकधी बाजूला टाकलेल्या टेकमध्ये मिळतं. माझं म्हणणं असं आहे की पार्कर म्हणजे नेमका काय माणूस होता ते एका टेकमध्ये कळतच नाही, दोन टेक शेजारी ठेवले की कळतं, कारण पाच मिनिटांपूर्वी जे वाजवलं ते इतकं परिपूर्ण असूनही तो ते सोडून देतो आणि परत कोऱ्या पाटीपासून सुरू करतो.

सुरुवात कुठून करायची असं विचाराल तर मी 'यार्डबर्ड स्वीट' सांगेन, मार्च १९४६ची. चाल गोड, वेग मध्यम, काही दडपण येत नाही. मग 'नाऊज द टाइम', मग 'स्क्रॅपल फ्रॉम द अॅपल'. 'को-को' चौथ्या नंबरला, त्याच्या आधी नको.

प्रश्न : 'को-को'मध्ये ट्रम्पेट कोण वाजवतंय? कुठे माइल्स डेव्हिस लिहिलेलं असतं, कुठे डिझी गिलेस्पी. पियानोवर कोण? आणि मला त्यात चालच सापडत नाही, सुरू होतं आणि संपतं. एवढं महान का म्हणतात?

उत्तर : हे पाच-सहा जणांनी विचारलंय आणि मला पण ह्याच्यावरच सगळ्यात जास्त बोलायचंय.

२६ नोव्हेंबर १९४५, न्यूयॉर्कचा डब्ल्यूओआर स्टुडिओ. पार्करचं स्वतःच्या नावावरचं पहिलं सेशन, वय २५. सॅव्हॉय हे न्यू जर्सीतल्या न्यूअर्कचं छोटं लेबल, मालक हर्मन लुबिन्स्की, सेशन सांभाळायला टेडी रेग. ट्रम्पेटला माइल्स, वय १९, बेसला कर्ली रसेल, ड्रम्सला मॅक्स रोच, तो २१ वर्षांचा. पियानोला बड पॉवेल हवा होता पण तो मिळाला नाही, म्हणून डिझी आला आणि तो ट्रम्पेट सोडून पियानोवर बसला, शिवाय सादिक हकीम नावाचा पियानिस्टही त्या दिवशी तिथे होता (तेव्हा तो आर्गॉन थॉर्नटन या नावाने ओळखला जायचा). त्यामुळे कुठल्या ट्यूनवर पियानोला कोण हा वाद संशोधकांत वर्षानुवर्षं चाललाय. 'थ्रायव्हिंग ऑन अ रिफ'वर हकीम आहे, ब्लूजच्या, म्हणजे बारा मात्रागटांच्या साच्यातल्या, दोन ट्यून्सवर डिझी आहे, आणि लेबलवर पियानिस्ट म्हणून हेन गेट्स असं नाव दिसलं तर गोंधळू नका, ते डिझीचंच टोपणनाव, दुसऱ्या कंपनीशी करार असल्यामुळे घेतलेलं.

'को-को'च्या सुरुवातीचं आणि शेवटचं ट्रम्पेट मात्र डिझीचं. त्या वेगात ती सुरुवात माइल्सच्या हातात तेव्हा बसत नव्हती. ती सुरुवात नीट ऐका : ३२ मात्रागट, म्हणजे बार्स, अल्टो सॅक्स आणि ट्रम्पेट एकत्र, मग ट्रम्पेट एकटं, मग सॅक्स एकटा, मग परत एकत्र, आणि ह्या सगळ्याच्या खाली फक्त ड्रम्स. पियानो नाही, कॉर्ड्स नाहीत, पायाखाली जमीनच नाही. १९४५ मध्ये डान्सच्या गाण्यांची सवय असलेल्या कानाला हे काय वाटलं असेल याचा विचार करा.

आता चाल का सापडत नाही ते. ह्या ट्यूनच्या खालचं कॉर्ड्सचं आवर्तन 'चेरोकी'चं आहे, रे नोबलचं १९३८चं गाणं, स्विंग बँड्सचं, म्हणजे बॉपच्या आधीच्या, नाचायला वाजवणाऱ्या जॅझ बँड्सचं आवडतं. त्याच सेशनचा पहिला अर्धवट टेक वाचलाय, त्यात ती सुरुवात झाल्यावर ते दोघं सरळ 'चेरोकी'ची मूळ चाल वाजवायला लागतात आणि लगेच त्यांना थांबवलं जातं. याचं कारण बहुतेक सगळे पैशाचं सांगतात, चाल वाजवली की मूळ गाण्याच्या हक्कदारांना रॉयल्टी द्यावी लागणार, आणि लुबिन्स्की पैशाच्या बाबतीत अतिशय चिकट म्हणून प्रसिद्ध होता. पण मला वेळेचं कारण पण तेवढंच महत्त्वाचं वाटतं, तीन मिनिटांच्या रेकॉर्डमध्ये ती सुरुवात, मग ६४ बारची पूर्ण चाल, मग सोलो, मग ड्रम्स, मग परत शेवट, हे मावलंच नसतं. म्हणून दुसऱ्या टेकमध्ये चाल गेली. सुरुवात संपते आणि पार्कर सरळ सोलोत उडी घेतो, दोन आवर्तनं, १२८ बार, मिनिटाला ३०० च्या आसपास बीट्स, मग रोचचा सोलो, मग सुरुवातीचाच भाग शेवट म्हणून. सगळं तीन मिनिटांच्या आत. चाल नाही म्हणून काहीतरी कमी आहे असं वाटत असेल तर पार्करची दोन आवर्तनं हीच चाल समजून ऐका.

कसं ऐकायचं तर पायाने प्रत्येक बीट धरायला जाऊ नका, दमाल. दर दोन बीटला एक ठोका धरा, म्हणजे निम्मा वेग, आणि मग पार्कर घाई करत नाहीये हे लक्षात येईल, वाक्यं लांब-लांब आहेत, श्वास घेतोय, थांबतोय. 'चेरोकी'चा मधला भाग, ज्याला ब्रिज म्हणतात, तो भराभर पट्ट्या बदलत जातो आणि बरेच वादक त्या काळी तो भाग टाळायचे किंवा कसातरी पार करायचे, पार्करने तर तोच भाग वर्षानुवर्षं घासून ठेवलेला. आणि दुसऱ्या आवर्तनाची सुरुवात होते तिथे तो 'हाय सोसायटी'मधला जुना क्लॅरिनेटचा तुकडा टाकतो, न्यू ऑर्लिन्सच्या मार्चिंग बँडच्या काळातला. बॉपवाल्यांना जुन्याचं काही माहीत नाही असं तेव्हा जे म्हणत होते त्यांना हे एवढं उत्तर पुरेसं होतं.

महान का, तर त्याच्या आधी हे सगळं न्यूयॉर्कच्या हार्लेम भागातल्या मिंटन्स, मन्रोज या क्लबांमध्ये रात्री-अपरात्री वाजत होतं, पण एवढ्या ताकदीने, एवढं पूर्ण होऊन रेकॉर्डवर आलेलं नव्हतं. २००२ साली लायब्ररी ऑफ काँग्रेसने जपायच्या रेकॉर्डिंग्जची पहिली यादी केली त्यात 'को-को' होतं. (ड्यूक एलिंग्टनच्या बँडचं १९४०चं 'को-को' पूर्ण वेगळं आहे, तो मायनर ब्लूज, नाव सारखं म्हणून शोधताना भलतंच लागेल. पण तेही ऐकाच.)

प्रश्न : पार्करच्या बऱ्याच ट्यून्स दुसऱ्यांच्या गाण्यांच्या कॉर्ड्सवर आहेत असं वाचलं. ही चोरी नाही का?

उत्तर : नाही. अमेरिकेत कॉपीराइट चालीवर आणि शब्दांवर मिळतो, कॉर्ड्सच्या क्रमावर तसा मिळत नाही, आणि ही पद्धत पार्करच्या आधीपासून होती, स्विंगवाले पण करायचेच. बॉपमध्ये ती फार वाढली कारण रात्रभर जॅम करणाऱ्या सगळ्यांना हे क्रम पाठ असायचे, नवीन चाल वर ठेवली की खालचा ग्रुप लगेच तयार. गर्शविनच्या 'आय गॉट रिदम'वरच किती आहेत बघा, 'रेड क्रॉस', 'मूस द मूच', 'डेक्स्टेरिटी', 'थ्रायव्हिंग ऑन अ रिफ'. 'ऑर्निथॉलॉजी' ही 'हाऊ हाय द मून'वर, 'डॉना ली' ही 'इंडियाना'वर, 'बर्ड गेट्स द वर्म' ही 'लव्हर, कम बॅक टू मी'वर. 'स्क्रॅपल' तर दोन गाण्यांची मिळून झालीय, मुख्य भाग 'हनीसकल रोझ'चा आणि ब्रिज 'आय गॉट रिदम'चा. एकदा मूळ गाणं ऐकून मग पार्करची ट्यून ऐका, फार मजा येते, खालचा रस्ता तोच आणि वरचं सगळं नवीन.

ज्याला खरंच लुबाडणूक म्हणता येईल ती उलट्या दिशेने झाली. पार्करची 'नाऊज द टाइम', ब्लूजची साधी रिफ (परत परत येणारा छोटा तुकडा), १९४९ मध्ये तीच चाल 'द हकलबक' नावाने पॉल विल्यम्सने केली आणि देशभर नाचायला वाजली, तीही सॅव्हॉयवरच.

प्रश्न : १९४४च्या आधीचं बॉप कुठे आहे? मिंटन्सबद्दल एवढं वाचतो पण रेकॉर्ड्स काहीच मिळत नाहीत. आणि आवाज एवढा बंद का?

उत्तर : १ ऑगस्ट १९४२ पासून अमेरिकन फेडरेशन ऑफ म्युझिशियन्स या युनियनने, अध्यक्ष जेम्स पेट्रिलो, रेकॉर्डिंग बंद केलं. रेकॉर्ड्स आणि ज्यूकबॉक्समुळे वादकांचं काम जातंय, म्हणून कंपन्यांनी युनियनच्या फंडात पैसे द्यावेत ही मागणी होती. डेका १९४३ मध्ये कबूल झाली, व्हिक्टर आणि कोलंबियाला नोव्हेंबर १९४४ पर्यंत वेळ लागला. नेमकी हीच ती वर्षं. १९४३ मध्ये अर्ल हाइन्सच्या बँडमध्ये पार्कर (तिथे तो टेनर, म्हणजे अल्टोपेक्षा खालच्या आवाजाचा सॅक्स, वाजवत होता) आणि डिझी शेजारी-शेजारी बसत होते आणि त्या बँडची एकही कमर्शियल रेकॉर्ड नाही. मला ह्याचं खरंच वाईट वाटतं. त्याआधीचा पार्कर ऐकायचा तर जे मॅकशॅनच्या बँडच्या डेकासाठी केलेल्या १९४१च्या रेकॉर्ड्स आहेत, 'हूटी ब्लूज'मध्ये बारा बारचा छोटासा सोलो आहे आणि तो आधीच वेगळा माणूस आहे हे कळतं.

छोट्या ग्रुपची गोष्ट मग १५ सप्टेंबर १९४४ला सुरू होते, गिटारिस्ट टायनी ग्राइम्सचं सॅव्हॉय सेशन, चार ट्यून्स, त्यातल्या दोनवर ग्राइम्स गातो पण. 'टायनीज टेम्पो' आणि 'रेड क्रॉस' ऐका, मागचा ग्रुप अजून स्विंगच वाजवतोय आणि पार्कर त्याच्यावर वेगळीच भाषा बोलतोय. पुढच्या वर्षी डिझीबरोबर गिल्ड लेबलसाठी दोन सेशन्स, फेब्रुवारीत 'ग्रूव्हिन हाय' वगैरे, मे मध्ये 'शॉ नफ', 'हॉट हाऊस', 'सॉल्ट पीनट्स'. तिथे दोघांची जोडी ऐकायला मिळते, एकाच तोंडातून निघाल्यासारखी.

आवाजाचं म्हणाल तर छोटी लेबलं, कमी पैसे, सरळ डिस्कवर कापलेलं, बेस आणि ड्रम्स मागे गेलेले. थोडे दिवस ऐकलं की कानाला सवय होते. सॅक्सचा आवाज मात्र स्पष्ट येतो, कोरडा, धारदार, कंप फार कमी.

प्रश्न : 'लव्हर मॅन' ऐकावं का? काही लोक म्हणतात ते रेकॉर्डिंग बाहेर यायलाच नको होतं, काही म्हणतात त्याचं सगळ्यात खरं वादन तेच.

उत्तर : दुसरं मत मला अजिबात पटत नाही. आधी काय झालं ते सांगतो. डिसेंबर १९४५ मध्ये डिझीचा ग्रुप हॉलीवूडच्या बिली बर्ग्ज क्लबमध्ये वाजवायला गेला, बाकीचे परत आले, पार्कर लॉस एंजेलिसलाच राहिला. तिथे रॉस रसेल नावाचा माणूस टेम्पो म्युझिक शॉप चालवायचा, त्याने खास ह्या म्युझिकसाठी डायल लेबल काढलं. २८ मार्च १९४६चं सेशन झालं ते अप्रतिम, 'मूस द मूच', 'यार्डबर्ड स्वीट', 'ऑर्निथॉलॉजी', 'नाइट इन ट्युनिशिया'. ('ट्युनिशिया'च्या पहिल्या टेकमध्ये चार बारचा जो ब्रेक आहे, सगळे थांबतात आणि पार्कर एकटा, तो इतका भन्नाट होता की टेक वापरता आला नाही तरी रसेलने तेवढा तुकडा वेगळा जपला आणि नंतर काढला.) पण पार्कर हेरॉइनच्या पूर्ण कह्यात होता. 'मूस द मूच' हे त्याला माल पुरवणाऱ्याचं टोपणनाव, आणि त्याने आपल्या डायलच्या रॉयल्टीतला अर्धा हिस्सा त्याच माणसाला लिहून दिला. पुढे तो माणूस पकडला गेला, पुरवठा तुटला, पार्कर दारूवर दिवस काढायला लागला.

२९ जुलैला रसेलने परत स्टुडिओ ठरवला. हॉवर्ड मॅगी ट्रम्पेटला, जिमी बन पियानोला. पार्करला उभं राहणं कठीण जात होतं. 'लव्हर मॅन'मध्ये पियानोची सुरुवात होते, सॅक्स यायला हवा तिथे येत नाही, उशिरा येतो, वाक्यं तुटतात, सूर माइकपासून लांब जातो. त्याच रात्री हॉटेलच्या खोलीला आग लागली, पोलीस आले, आणि मग कॅमेरिलोच्या सरकारी मनोरुग्णालयात साधारण सहा महिने. रसेलने ती रेकॉर्ड विकायला काढली याचा पार्करला शेवटपर्यंत राग होता आणि तो राग बरोबरच होता.

आजारी माणसाचं कोसळणं म्हणजेच खरी कला असं म्हणणं मला क्रूर वाटतं. ज्या माणसाने स्वतःच्या वादनाबद्दल एवढी कडक शिस्त ठेवली त्याच्या ज्या दिवशी हातात काही राहिलं नव्हतं तो दिवस आपण सगळ्यात खरा का म्हणायचा? एकदा ऐका, इतिहास म्हणून, आणि मग लगेच २६ फेब्रुवारी १९४७चं 'रिलॅक्सिन अॅट कॅमेरिलो' लावा. हॉस्पिटलमधून बाहेर पडून महिनाभर झालेला माणूस, बारा बारचा ब्लूज, पण चाल अशी वाकडी वळणं घेते की बरोबरच्या कसलेल्या वादकांनाही ती बसवायला त्रास पडला. आणि त्याच्या आठवडाभर आधीचं एरॉल गार्नरच्या ट्रिओबरोबरचं 'कूल ब्लूज'. तब्येत सुधारलेला, झोपलेला-जेवलेला, मजेत असलेला पार्कर. खरा पार्कर बघायचाच असेल तर इथे बघा. 'लव्हर मॅन' त्याने १९५१ मध्ये परत रेकॉर्ड केलं, तेही ऐका.

प्रश्न : माइल्स डेव्हिस ह्या रेकॉर्ड्समध्ये कच्चा वाटतो. पार्करने डिझीसारखा ट्रम्पेटवाला सोडून त्याला का घेतलं?

उत्तर : १९४५ मध्ये थोडा कच्चा आहे, हो. १९४७ मध्ये नाही. पार्कर न्यूयॉर्कला परतल्यावर जो पाच जणांचा ग्रुप केला, माइल्स, ड्यूक जॉर्डन पियानोला, टॉमी पॉटर बेसला, मॅक्स रोच, तो माझ्या मते त्याचा सगळ्यात चांगला नेहमीचा ग्रुप. डिझी आणि पार्कर दोघंही एकाच वेगाचे, एकाच उंचीचे. माइल्स मधल्या सुरांत राहतो, कमी वाजवतो, जागा सोडतो, त्यामुळे पार्करनंतर तो आला की जरा श्वास घेता येतो आणि परत पार्कर ऐकायची भूक लागते. २८ ऑक्टोबर १९४७चं डायलचं 'एम्ब्रेसेबल यू' ऐका. त्यात पार्कर गर्शविनची चाल जवळजवळ वाजवतच नाही, सहा सुरांचा एक छोटा तुकडा घेतो, तोच फिरवून फिरवून वर-खाली नेतो आणि त्यातून पूर्ण आवर्तन उभं करतो, आणि दुसऱ्या टेकमध्ये तो तुकडा सोडून भलतीकडूनच सुरुवात करतो. अशा सोलोनंतर येऊन आपलं शांत वाजवणं सोपं नाही, माइल्स ते करतो.

'डॉना ली' पण माइल्सचीच रचना, लेबलवर पार्करचं नाव पडलं. आणि ऑगस्ट १९४७ मध्ये माइल्सने स्वतःच्या नावावर पहिलं सेशन केलं तेव्हा पार्कर त्यात टेनर वाजवायला बसला. 'हाफ नेल्सन', 'सिपिन अॅट बेल्स', तिथला टेनरवरचा पार्कर मऊ आहे, जरा मागे टेकून वाजवणारा, लोक ते सेशन विसरतात म्हणून मुद्दाम सांगतोय.

प्रश्न : सॅव्हॉय की डायल? दोन्हीसाठी वेळ नाही.

उत्तर : बॅलड्स, म्हणजे संथ प्रेमगीतं, हवे असतील तर डायल, १९४७च्या शेवटच्या तीन महिन्यांतली तीन सेशन्स, 'एम्ब्रेसेबल यू', 'माय ओल्ड फ्लेम', 'आउट ऑफ नोव्हेअर', 'डोन्ट ब्लेम मी'. ब्लूज आणि जाळ हवा असेल तर सॅव्हॉय. एकच रेकॉर्ड घ्यायची म्हटलं तर मी सॅव्हॉयची 'पार्कर्स मूड' घेईन, १८ सप्टेंबर १९४८. युनियनचा दुसरा बॅन तेव्हा चालूच होता, त्यातच हे सेशन झालं. माइल्स ह्यात नाही, फक्त जॉन लुईसचा पियानो, बेसला कर्ली रसेल, ड्रम्सला रोच. संथ ब्लूज. कॅन्सस सिटीत लहानाचा मोठा झालेल्या माणसाला ब्लूज काय असतो हे कोणी शिकवावं लागत नाही, आणि बॉप म्हणजे नुसता वेग आणि गणित असं ज्यांना वाटतं त्यांना मी दुसरं काही सांगत नाही, ही रेकॉर्ड लावतो.

प्रश्न : अल्टो सॅक्स शिकतेय, दोन वर्षं झाली. पार्करचा एखादा सोलो पूर्ण बसवायचाय. सरांनी 'डॉना ली' दिलंय पण वेगाने रडायला येतं.

उत्तर : 'डॉना ली' आत्ता बाजूला ठेवा, सरांशी बोलून. ती चाल म्हणजे अख्खा सोलोच आहे, श्वास घ्यायला जागा नाही. त्याऐवजी 'नाऊज द टाइम' घ्या. कॉन्सर्ट एफमधला (पियानोच्या एफमधला) ब्लूज आहे म्हणजे तुमच्या अल्टोवर डी, बोटांना सोयीची पट्टी, वेग मध्यम. एक काळजी घ्या, पार्करने ही ट्यून १९५३ मध्ये पण रेकॉर्ड केलीय आणि छापील नोटेशन दोन्हींचं मिळतं, तुमच्या हातातलं कुठल्या सोलोचं आहे ते आधी बघा, नाहीतर कानाला एक आणि कागदावर दुसरंच.

पण माझा आग्रह असा की कागद नंतर. आधी पहिले बारा बार इतके ऐका की ते तुम्हाला गाता आले पाहिजेत, सूर थोडे इकडे-तिकडे चालतील पण कुठे जोर, कुठे थांबणं, कुठे सूर गिळलाय ते सगळं गाण्यात आलं पाहिजे, कारण नोटेशनमध्ये तेच लिहिता येत नाही. मग स्पीड निम्मा करून वाजवा, आजकाल पट्टी न बदलता वेग कमी करणारी अॅप्स सगळ्यांकडे असतात. दिवसाला चार बार झाले तरी खूप. पार्कर स्वतः १९३७च्या उन्हाळ्यात ओझार्कच्या डोंगरात एका बँडबरोबर कामाला होता तेव्हा टेनर सॅक्सवाल्या लेस्टर यंगचे सोलो रेकॉर्डवरून ऐकून ऐकून बसवत होता, सोळा वर्षांचा मुलगा, त्याच्याकडे कुठलं नोटेशन होतं.

हे झालं की 'पार्कर्स मूड'. अल्टोवर जी येतो, संथ आहे म्हणून सोपा वाटेल, पण त्यात सूर धरून ठेवायचा कस लागतो आणि मधल्या जलद तानांसारख्या जागा अचानक येतात, त्या मोजून वाजवायला गेलात तर जमणार नाहीत, गाऊनच पकडाव्या लागतात. मग 'कूल ब्लूज', मग 'यार्डबर्ड स्वीट'. 'डॉना ली' त्याच्यानंतर काढा, तेव्हा त्यातली निम्मी वाक्यं तुमच्या बोटांना आधीच ओळखीची झालेली असतील.